मिल्टन फ्रीडमन कोण होते आणि त्यांचं नेमकं म्हणणं काय होतं?

शिकागो विद्यापीठातले अर्थतज्ज्ञ (1912–2006), 1976 चे नोबेल विजेते. घर स्थलांतरित ज्यूंचं, परिस्थिती बेताची.

त्यांचं खरं काम पैशावरचं. 1963 मध्ये अ‍ॅना श्वार्ट्झ यांच्यासोबत त्यांनी अमेरिकेच्या चलनाचा जाडजूड इतिहास लिहिला. 1929 ते 1933 दरम्यान अमेरिकेतला पैशाचा साठा सुमारे एक तृतीयांशाने घटला, बँका धडाधड बुडत होत्या आणि मध्यवर्ती बँक हातावर हात ठेवून बसली. म्हणजे महामंदी एवढी चिघळली ती बाजारामुळे नव्हे, सरकारी यंत्रणेमुळे, असा त्यांचा दावा. महागाईचंही तेच: उत्पादनापेक्षा नोटा वेगाने वाढल्या की भाव चढणारच.

बाकी मतं ओघाने येतात. भाडेनियंत्रण नको, सक्तीची लष्करभरती नको, शाळेला अनुदान देण्यापेक्षा पालकांच्या हाती व्हाउचर (हव्या त्या शाळेची फी भरायचं सरकारी कूपन) द्या. गंमत म्हणजे पगारातूनच कर कापायची पद्धत अमेरिकेत रुजवायला दुसऱ्या महायुद्धात याच गृहस्थांनी हातभार लावला होता!

1955 मध्ये ते भारतातही आले होते. तेव्हा अर्थमंत्री होते आपले चिंतामणराव देशमुख. अवजड उद्योगांवर एवढा भर नको, आयातीवरची बंधनं काढा, असं टिपण त्यांनी सरकारला दिलं. दुसरी पंचवार्षिक योजना मात्र उलट्याच वाटेने गेली.

1975 मध्ये ते चिलीत हुकूमशहा पिनोशेला भेटले, त्यावरून नोबेल समारंभातही निदर्शनं झाली. मला तो आक्षेप अगदीच पोकळ वाटत नाही.