निर्माता म्हणजे केवळ पैसे घालणारा माणूस असतो का?

आपण विचारले आहे की, स्मिता तळवलकर यांच्यासारखी दूरचित्रवाणी आणि चित्रपट अशा दोन्ही क्षेत्रांतली कारकीर्द साताऱ्यात राहून घडवता येईल का, त्यासाठी शिक्षण लागते की भांडवल, आणि ‘निर्माता म्हणजे शेवटी पैसे घालणारा माणूसच ना?’ हे शेवटचे वाक्य मी गेली वीस वर्षे माझ्या थोरल्या बंधूंच्या तोंडून, जवळपास याच शब्दांत, दिवाळीच्या फराळापासून तेराव्याच्या जेवणापर्यंत ऐकत आलो आहे. म्हणून आधी त्याचेच उत्तर देतो.

नाही. पैसे घालणारा तो फायनान्सर, आणि त्याचा संबंध मुद्दल व व्याज यांच्याशी असतो. निर्माता तो, ज्याला रात्री अकरा वाजता जनरेटरवाला डिझेलसाठी फोन करतो आणि ज्याला ‘उद्या बघू’ असे म्हणता येत नाही.

आमच्या काकांचे सांगलीच्या मार्केट यार्डात हळदीचे अडत दुकान होते. 2004 साली ‘श्वास’ला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे राष्ट्रीय सुवर्णकमळ मिळाले, ‘श्यामची आई’नंतर पन्नास वर्षांनी तो मान मराठी चित्रपटाकडे आला, आणि अभिनेते अरुण नलावडे व त्यांच्या मित्रांनी पदरचे पैसे घालून तो चित्रपट उभा केला ही हकीकत वर्तमानपत्रांतून घरोघर पोहोचली. त्या वर्षी महाराष्ट्रात ज्यांना आपणही चित्रपट काढावा असे वाटले, त्यांत आमचे काका एक होते. रोज रात्री जेवताना ‘अवंतिका’ पाहणे आणि तरुणपणी भावे नाट्यमंदिरात पाहिलेली नाटके एवढीच त्यांची पूर्वतयारी. मी नुकताच बी.कॉम. झालो होतो, म्हणून हिशेब ठेवायला मला बरोबर घेतले आणि युनिटमधल्या लोकांनी मला प्रॉडक्शन मॅनेजर म्हणायला सुरुवात केली.

2005 च्या जानेवारी-फेब्रुवारीत हरिपुरात, संगमेश्वराच्या परिसरात, आमचे चित्रीकरण झाले. पहिल्या चार दिवसांत काका फक्त चेकवर सह्या करत होते आणि दिग्दर्शक सांगेल त्याला मान डोलावत होते. पाचव्या दिवशी मॉबसाठी, म्हणजे गर्दीच्या दृश्यासाठी, बोलावलेली गावातली साठ माणसे दुपारी तीनपर्यंत उपाशी राहिली, कारण जेवणाचा टेम्पो मिरजेच्या रेल्वे फाटकाजवळ अडकला होता. काकांनी त्या माणसांसमोर हात जोडले, घरून पिठले-भाकरी मागवली, आणि त्या दिवसापासून पॅकअप होईपर्यंत ते सेटवरून हलले नाहीत. माझ्या मते ते निर्माते झाले ते त्या दुपारी. त्याआधी ते खरोखरच पैसे घालणारे होते, एवढे दादांचे म्हणणे मी मान्य करतो.

पुढचा भाग दादा नेहमी गाळतात. त्या वर्षी जुलैच्या अखेरीस कृष्णेला महापूर आला आणि हरिपूरच्या पेवांत पाणी शिरले. हळदीची ही पेवे म्हणजे जमिनीखालची कोठारे, आणि काकांचा बराचसा साठा तिथेच होता. चित्रपट तेव्हा पुण्यात संकलनाच्या टेबलावर होता. उरलीसुरली हळद काढून काकांनी मिळेल त्या भावाने विकली आणि त्या पैशांतून सर्वांत आधी रोजंदारीवरचे लोक, बैलगाडीवाले, जेवणवाला आणि जनरेटरवाला यांची बाकी चुकती केली. घरात यालाच अजून ‘वेडेपणा’ म्हणतात. चित्रपट 2006 मध्ये लागला, बहुतेक ठिकाणी दुपारच्या एकाच खेळाला, आणि दुसऱ्या शुक्रवारी उतरला.

माझ्या वहीप्रमाणे चित्रपटात 26 लाख गेले आणि चित्रपटगृहे व दूरचित्रवाणी हक्क मिळून 9 लाख परत आले. म्हणजे तोटा 17 लाखांचा. पेवांतल्या हळदीचे नुकसान 24 लाखांचे होते. तरीही आमच्या घराचा अधिकृत इतिहास असा की, काका सिनेमाच्या नादाने बुडाले. पुराला कोणी नाद म्हणत नाही.

काकांची चूक वेगळीच होती. पेव उघडल्यावर कोंडलेल्या हवेची भीती असते, म्हणून आधी कंदील आत सोडतात, आणि तो विझला तर माणूस उतरत नाही. जन्मभर हा नियम पाळणाऱ्या माणसाने वितरकाच्या करारावर मात्र न वाचता सही केली. त्यात प्रसिद्धी, प्रिंट (चित्रपटगृहांना पाठवायच्या प्रती) आणि चित्रपटगृहाचे भाडे हे सर्व आधी वजा करून मगच निर्मात्याचा वाटा काढायचा, असे स्पष्ट लिहिले होते. खर्चाची मर्यादा कुठेही लिहिलेली नव्हती.

आता आपल्या मूळ प्रश्नाकडे वळतो. स्मिता तळवलकर यांनी सुमारे सतरा वर्षे दूरदर्शनवर बातम्या वाचल्या, अभिनय केला, आणि मग 1989 च्या सुमारास ‘कळत नकळत’पासून निर्मितीत पाऊल टाकले. ‘चौकट राजा’, ‘तू तिथे मी’, ‘सातच्या आत घरात’ हे चित्रपट त्यांचे, ‘सवत माझी लाडकी’चे तर दिग्दर्शनही त्यांचे, आणि ‘राऊ’ व ‘अवंतिका’ या मालिकाही त्यांच्याच. ‘कळत नकळत’ आणि ‘तू तिथे मी’ यांना सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचे राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. 6 ऑगस्ट 2014 रोजी त्या गेल्या. शिक्षण की भांडवल या प्रश्नाचे उत्तर या क्रमातच आहे: आधी स्टुडिओतली अनेक वर्षे, नंतर पैसा. आमच्या काकांचा क्रम नेमका उलटा होता.

मात्र त्यांनी सुरुवात केली तो काळ परत येणार नाही. दूरदर्शनच्या प्रायोजित कार्यक्रमांत निर्माता प्रक्षेपणाचे शुल्क भरत असे, त्या बदल्यात मिळालेला जाहिरातींचा वेळ स्वतः विकत असे, आणि मालिका त्याची राहत असे. आज खासगी वाहिनी भागामागे ठरलेली रक्कम देते, हक्क साधारणपणे स्वतःकडे ठेवते, आणि पैसे प्रक्षेपणानंतर दोन-तीन महिन्यांनी येतात. तोवर स्पॉटदादांपासून मेकअपपर्यंत रोजचा खर्च निर्मात्याने चालवायचा, भागांची बँक, म्हणजे आधीच चित्रित करून ठेवलेल्या भागांचा साठा, संपू द्यायची नाही, आणि वाहिनीने आदल्या रात्री कथा फिरवली तर सकाळी नवे लोकेशन उभे करायचे. स्पष्ट बोलायचे तर मालिकेचा आजचा निर्माता हा मक्तेदार, म्हणजे कंत्राटदार, आहे. ज्यांना हा शब्द अपमानास्पद वाटतो त्यांनी या धंद्यात येऊ नये.

साताऱ्यात राहून हे शिकता येते का, तर येते. वाई आणि मेणवलीच्या घाटावर ‘स्वदेस’सारखे हिंदी चित्रपट फार पूर्वीपासून होत आले आहेत, आणि ‘लागिरं झालं जी’ व ‘देवमाणूस’ यांच्यानंतर मालिकांनाही सातारा परका राहिलेला नाही. मी स्वतः आज तिथे वाडे, गाड्या, जेवण आणि स्थानिक परवानग्या यांची व्यवस्था पाहतो. आपण एखाद्या युनिटवर वर्षभर हिशेबाचे काम करावे आणि पहिल्या वर्षी स्वतःचा एक रुपयाही घालू नये. चित्रपट काढलाच, तर शासकीय अनुदान जमेच्या बाजूला आधीच लिहू नये. ‘अ’ आणि ‘ब’ दर्जाच्या अनुदानाचे आकडे ऐकायला गोड लागतात, पण चित्रपट पूर्ण होऊन समितीने तो पाहिल्यावरच दर्जा ठरतो, आणि दर्जा मिळेलच असे नसते.

एक गोष्ट प्रामाणिकपणे नमूद करायला हवी. वर दिलेल्या 17 लाखांत काकांनी पतसंस्थेकडून घेतलेल्या कर्जाचे व्याज मी धरलेले नाही. ते धरले तर पूर आणि चित्रपट यांतले अंतर बरेच कमी होते, आणि दादांचा सगळा भर याच मुद्द्यावर असतो. तरीही आकडा हळदीच्या खाली राहतो, हे मी त्यांना तीनदा मांडून दाखवले आहे. कधी सांगलीला आलात तर ती वही आपणही पाहू शकता. पहिली बारा पाने अडतीच्या हिशेबाची आहेत, ती सोडून पुढे वाचावे.