वॉटसन बदलला तेव्हा... वाचकांचे प्रश्न

प्रश्न : ग्रॅनाडा या ब्रिटिश टीव्ही कंपनीच्या 'शेरलॉक होम्स' मालिकेत मधूनच वॉटसन बदलतो. आधीच्याला काढलं का?

नाही हो, काढलं वगैरे काही नाही. डेव्हिड बर्कने १९८४-८५ मध्ये १३ भाग केले आणि मग तो स्वतःच बाहेर पडला, कारण मुलगा लहान होता आणि बायकोबरोबर रॉयल शेक्सपिअर कंपनीत काम करायची संधी आलेली. तो मुलगा म्हणजे 'स्ट्राइक' मालिकेतला नट टॉम बर्क!

प्रश्न : मग नवीन माणूस लोकांना चालला कसा?

एडवर्ड हार्डविक आला १९८६ मध्ये, तोही कुठल्या भागात, तर मेलेला समजलेला होम्स परत येतो आणि वॉटसनला भोवळ येते त्या. म्हणजे प्रेक्षकांना हा चेहरा नवा, आणि त्याने मात्र जुन्या दोस्ताला बघून हादरायचं, सांगा किती अवघड! पण हार्डविक ऐकतो फार सुंदर. होम्स झालेला जेरेमी ब्रेट बोलत असताना नुसतं त्याच्याकडे बघा, काळजी, कौतुक, थोडा वैताग, सगळं डोळ्यात दिसतं. जुन्या सिनेमांत नायजेल ब्रूसने वॉटसन वेंधळा करून ठेवलेला, तो शिक्का बर्कने पुसला आणि हार्डविकने त्यात वयाचा ठहराव आणला. १९८८ चा 'डेव्हिल्स फूट' हा भाग बघाच, विषारी धुरातून तो होम्सला ओढून बाहेर काढतो तेव्हा होम्स चक्क 'जॉन' म्हणून ओरडतो, मूळ गोष्टींत तो कधीच असं नावाने हाक मारत नाही. मला दरवेळी भरून येतं.

प्रश्न : हार्डविकचे वडील मोठे नट, म्हणून कामं मिळाली असतील ना?

वडील सर सेड्रिक हार्डविक, खरंय, आणि लहानपणी १९४३ मध्ये हॉलिवूडच्या एका सिनेमात दिसलाही होता. पण पुढे 'राडा' (RADA) या लंडनच्या नाट्यशाळेत शिकला, प्रसिद्ध नट लॉरेन्स ऑलिव्हिएच्या नॅशनल थिएटरमध्ये वर्षानुवर्षं छोटीमोठी कामं केली, टीव्हीवर लोक ओळखायला लागले ते 'कोल्डिट्झ' मालिकेमुळे (१९७२-७४), आणि वॉटसन मिळाला तो पन्नाशी ओलांडल्यावर. याला वशिला म्हणणं मला तरी अन्यायाचं वाटतं.

प्रश्न : १९९४ च्या एका भागात वॉटसनच नाही, का?

'गोल्डन पिन्स-ने'. तेव्हा हार्डविक 'शॅडोलँड्स' सिनेमात अडकलेला, म्हणून त्याची कामं होम्सच्या भावाला, म्हणजे चार्ल्स ग्रेच्या मायक्रॉफ्टला दिली. ग्रे उत्तमच आहे, पण होम्स काहीतरी शोधून वळून बघतो आणि समोर तो ओळखीचा चेहरा नसतो, तेव्हा चुकल्यासारखं वाटतंच.