‘मुदतबाह्य’ काय होते : कर्ज की दावा?

प्रश्न : ‘गहाणखताची मुदत संपल्याने कर्ज कालबाह्य झाले’ हे वाक्य वाचनात आले. इथे ‘कालबाह्य’ योग्य की ‘मुदतबाह्य’? आणि असे झाले म्हणजे कर्ज फिटल्यात जमा का?

‘कालबाह्य’ इथे नको. रूढी, यंत्र, अभ्यासक्रम कालबाह्य होतात, म्हणजे काळ पुढे गेला आणि ती वस्तू मागे राहिली. कायद्याने घालून दिलेला अवधी उलटला तर ‘मुदतबाह्य’ हाच शब्द. अरबी-फारसीतून आलेली ‘मुदत’ आणि संस्कृत ‘बाह्य’ यांचा हा जोड कोर्टात पक्का रुळला आहे. त्याची उलट बाजू ‘मुदतीत’. दिवाणी दाव्यात न्यायाधीश जे मुद्दे काढतात, त्यांत ‘दावा मुदतीत आहे काय?’ हा मुद्दा अनेकदा असतो.

पण त्या वाक्याची खरी चूक ‘मुदत’ या शब्दात आहे. गहाणाच्या व्यवहारात हा एकच शब्द दोन निराळे अवधी सांगतो. पहिली मुदत फेडीची. ती गहाणखतात लिहिलेली असते आणि दोन्ही पक्षांनी ठरवलेली असते. दुसरी मुदत दाव्याची. ती १९६३ च्या मुदतीच्या कायद्याने ठरवलेली आहे आणि पक्षांच्या कराराने कमी-जास्त होत नाही. पहिली संपते तिथून दुसरी सुरू होते. म्हणून ‘गहाणखताची मुदत संपली’ याचा अर्थ घेणेकऱ्याचा हक्क गेला असा होत नाही. उलट त्याला कोर्टात जाण्याची वाट त्या दिवशी मोकळी झाली. (‘मुदतीचा अर्ज’ ही तिसरीच गोष्ट. तो पुढची तारीख मागण्यासाठी असतो.)

उदाहरण घेऊ. गहाणखत १० जून २०१५ चे, फेड दहा वर्षांत, म्हणजे १० जून २०२५ पर्यंत. गहाण मिळकत विकून पैसे वसूल करण्याच्या दाव्याला, रक्कम देय झाल्यापासून १२ वर्षे मिळतात. देय झाल्याचा दिवस मोजायचा नाही, तेव्हा शेवटची तारीख १० जून २०३७. त्या दिवशी कोर्ट बंद असेल तर उघडेल त्या दिवशी दावा चालतो. मात्र हप्त्यांच्या कर्जात ‘एक हप्ता थकल्यास सर्व रक्कम देय होईल’ असे कलम असेल तर घड्याळ आधीच सुरू झालेले असू शकते. गहाणखत वाचताना आधी हे कलम शोधावे. उशीर झाल्यावर ‘विलंब माफी’चा अर्ज देता येईल अशा भरवशावर तर मुळीच राहू नये, ती सोय अपिले आणि अर्ज यांना आहे, दाव्याला नाही. प्रतिवादीने मुदतीची हरकत घेतली नाही तरी मुदतबाह्य दावा कोर्टाला फेटाळावाच लागतो.

बँका मात्र बारा वर्षे थांबत नाहीत, तीन वर्षांच्या आत ‘देणे मान्य आहे’ अशा कागदावर कर्जदाराची सही घेतात. याचे कारण असे की १२ वर्षांची सवलत फक्त मिळकतीपुरती आहे. मिळकत विकून पैसे कमी पडले आणि उरलेली रक्कम कर्जदाराकडून जातीनिशी वसूल करायची असेल, तर त्यासाठी एरवी ३ वर्षांचीच मुदत आहे. वरच्या उदाहरणात २०३५ साली दावा लावला तर जमीन विकता येईल, पण तुटीसाठी कर्जदाराच्या पगाराला किंवा इतर मालमत्तेला हात लावता येणार नाही.

त्या सहीला काय म्हणावे? इंग्रजी ‘ॲक्नॉलेजमेंट’चे भाषांतर कित्येकदा ‘पोच’ असे केले जाते, आणि ते घातक आहे. कागद मिळाल्याची ती पोच. देणे आहे हे मान्य केले की ती ‘कबुली’. नोटिशीची पोच दिल्याने मुदत वाढत नाही. कबुलीने वाढते, पण ती लेखी हवी, सहीची हवी आणि मुदत संपण्याआधीची हवी. सही झाल्या दिवसापासून मुदत नव्याने मोजतात. ‘देणे आहे, पण आत्ता देणार नाही’ एवढे लिहिले तरी ती कबुलीच ठरते. सातबाऱ्यावर बोजा चढलेला आहे, एवढ्याने कबुली होत नाही. तिथे कर्जदाराची सही नसते.

आता दुसरा प्रश्न. औषध मुदतबाह्य झाले की औषधच निकामी होते, आणि तोच अर्थ आपण नकळत कर्जाला लावतो. कर्ज तसे संपत नाही. मुदतबाह्य होतो तो दावा. कोर्टाकडून वसुली करून घेण्याचा मार्ग बंद होतो, देणे उरते. म्हणून अशा कर्जाची रक्कम कोणी आपणहून भरली तर ‘मुदत गेली होती’ म्हणून परत मागता येत नाही. मुदत उलटल्यावर नुसती कबुली उपयोगाची नाही. पण ‘मी ही रक्कम देईन’ असे सही करून लेखी वचन दिले, तर करार कायद्याच्या कलम २५(३) खाली ते बंधनकारक असते.

ही सगळी घेणेकऱ्याची बाजू झाली. गहाण ‘सोडवणे’ हे क्रियापद कर्जदाराचे, आणि त्याला मुदत ३० वर्षांची (१९०८ च्या कायद्यात ६० होती). ‘तीस वर्षे झाली, जमीन आता आमची’ हे गावोगाव ऐकू येणारे वाक्य यातूनच आले असावे. पण ताबेगहाणात, म्हणजे जमीन धनकोच्या ताब्यात देऊन तिच्या उत्पन्नातून फेड व्हायची असते तिथे, ही तीस वर्षे गहाणखताच्या तारखेपासून सुरू होत नाहीत. गहाणाची रक्कम उत्पन्नातून फिटते किंवा कर्जदार ती चुकती करतो, तेव्हा ती सुरू होतात, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ साली सांगितले आहे. तेव्हा कागद ‘ताबेगहाण’ आहे, ‘नजरगहाण’ (ताबा कर्जदाराकडेच राहतो ते) आहे की ‘मुदतखरेदी’ (ठरल्या मुदतीत पैसे न फेडल्यास विक्री पक्की होईल अशा अटीचे खत), हे पाहिल्याशिवाय मुदत मोजायला बसूच नये.

तुमचे वाक्य असे करावे : ‘फेडीची मुदत संपून बारा वर्षे उलटल्याने गहाणाच्या वसुलीचा दावा मुदतबाह्य झाला.’