शेतकरी उत्पादक कंपनीच्या व्यवस्थापनात कॉम्प्लेक्सिटी थिअरीचा उपयोग होतो का?

आपला प्रश्न असा आहे की, सोयाबीन खरेदीचे जूनमध्ये केलेले नियोजन दरवर्षी दिवाळीपर्यंत कोलमडते, तर शेतकरी उत्पादक कंपनी चालवणाऱ्याला कॉम्प्लेक्सिटी थिअरी (एकमेकांकडे पाहून वागणाऱ्या अनेक घटकांची व्यवस्था कशी बदलत जाते, याचा अभ्यास) काही मदत करू शकते का. लातूर-धाराशिव भागातील अशा कंपन्यांसोबत मी काम करतो, आणि माझ्या मते तिचा मोठा उपयोग आहे : कोणत्या कामात अंदाजावर विसंबू नये, हे तिच्यामुळे कळते.

व्यवस्थापनाचे अभ्यासक डेव्ह स्नोडेन यांनी १९९९ मध्ये आयबीएममध्ये असताना मांडलेली ‘कनेव्हिन’ चौकट इथे चपखल बसते. जाणकाराला विचारून सुटणारी कामे आणि आधी अंदाजच न येणारी कामे ती वेगळी करून दाखवते. ग्रेडिंग यंत्राची क्षमता किंवा गोदामाची बांधणी हे किचकट काम असले तरी जाणकाराला विचारून मार्गी लागते. कोण किती माल आणेल, हे मात्र जाणकारही आधी सांगू शकत नाही, कारण शेतकरी मोंढ्यातील सौदा पाहतो, शेजाऱ्याने माल कुठे घातला ते पाहतो, आडत्याची उचल घेतली असेल तर तिकडेच जातो, आणि त्याच्याकडे पाहून आणखी चौघे आपला निर्णय बदलतात. त्यात बाहेरचे नियमही हलतात. हमीभाव खरेदीसाठी ओलाव्याची मर्यादा १२ टक्के असते. २०२४ च्या नोव्हेंबरमध्ये केंद्र सरकारने ती १५ टक्क्यांपर्यंत शिथिल केली, आणि जूनमध्ये बसून हे कोणालाही धरता आले नसते.

अशा ठिकाणी एकच मोठी योजना राबवण्याऐवजी, फसले तरी झेपतील असे छोटे प्रयोग एकाच हंगामात शेजारी-शेजारी चालवावेत. एका गावात वजन झाल्याच दिवशी खात्यात पैसे द्यावेत, दुसऱ्यात खळ्यावरून माल उचलावा, तिसऱ्यात ओलावा शेतकऱ्याच्या हातून मोजून घ्यावा. हा तिसरा प्रयोग मला सर्वांत मोलाचा वाटतो. कर्मचाऱ्याने ‘साडेतेरा’ असे तोंडी सांगितले की संशय येतो. तेच शेतकऱ्याने स्वतः दाणे मापकात टाकून आकडा वाचला आणि तो पावतीवर उतरला, तर कपात त्याला पटते, आणि पारावर तो स्वतःहून ते सांगतो. दर आठवड्याला आवक पाहून चालते ते वाढवावे, चालत नाही ते बंद करावे. औशात जमले म्हणून निलंग्यात तसेच लादू नये.

यासाठी गटप्रमुखांना अधिकार द्यावे लागतात. परिस्थितीत जितकी विविधता, तितकीच ती सांभाळणाऱ्याच्या प्रतिसादात हवी, हा सायबरनेटिक्सचे (नियंत्रणाच्या शास्त्राचे) अभ्यासक रॉस ॲशबी यांचा १९५६ चा नियम आहे, आणि तालुक्याच्या कार्यालयातून निघालेले एक परिपत्रक तेवढी विविधता पेलू शकत नाही. एकूण रक्कम, किमान प्रत आणि हिशोबाची पारदर्शकता या मर्यादा संचालक मंडळाने ठरवाव्यात. तेरा टक्के ओलाव्याचा माल कपात करून घ्यावा की वाळवायला परत पाठवावा, हे गटप्रमुखाने ठरवावे.

नियोजनच नको, असा अर्थ मात्र कृपया घेऊ नये. खेळत्या भांडवलासाठी बँकेला आकडा लागतोच. तो किमान आणि कमाल आवक अशा दोन टोकांत द्यावा, आणि गोदामभाडे व पगार किमान आवकेतही निघतील, एवढीच स्थिर खर्चाची बांधिलकी जूनमध्ये घ्यावी.