आणखी एक पुरावा

घराण्यात पहिल्यांदाच पदव्युत्तर शिक्षणापर्यंत पोचलेली मुलं-मुली माझ्याकडे समुपदेशनाला येतात. कुणी झोप येत नाही म्हणून येतं, कुणी परीक्षेची धास्ती घेऊन. पण थोडं मोकळं झालं की बहुतेकांची तक्रार एकच असते: ‘मी इथे बसायच्या लायकीचा आहे हे रोज सिद्ध करावं लागतं.’ आणि लगेच दुसरी: ‘थोरामोठ्यांची वाक्यं वाचतो, तेवढ्यापुरतं बरं वाटतं, मग पुन्हा तेच.’

या दोन तक्रारी एकमेकींत कशा अडकलेल्या असतात ते एका मुलामुळे नीट सांगता येईल. (ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत.) मराठवाड्यातल्या एका गावचा, वय 24, पुण्यात एम.टेक.च्या शेवटच्या वर्षाला. वर्गातल्या एकाने सगळ्यांसमोर विचारलं होतं, ‘तुझी रँक काय होती रे, कॅटेगरीतून का?’ तेव्हापासून त्याने गुणपत्रिकेचा फोटो मोबाइलमध्ये वर पिन करून ठेवला होता. सादरीकरणात इंग्रजी अडखळू नये म्हणून रात्री तीनपर्यंत आरशासमोर सराव. आणि प्रबंधाचं शेवटचं प्रकरण जागच्या जागी.

‘भिंतीवर मंडेलांचं वाक्य लावलंय, मॅडम,’ तो म्हणाला. ‘आपली खरी भीती आपल्या दुबळेपणाची नसून आपल्या ताकदीची असते, ते. सकाळी वाचतो. दुपारी कुणी बोललं की संपलं.’

ते वाक्य मंडेलांच्या 1994 च्या शपथविधीच्या भाषणातलं म्हणून जगभर फिरतं. त्या भाषणात ते नाही. मॅरिअन विल्यमसन या अमेरिकन लेखिकेच्या 1992 च्या पुस्तकातलं ते आहे. हे त्याला सांगितलं ते चूक काढायला नव्हे. वाक्यामागचा माणूस आणि प्रसंगच माहीत नसेल, तर कठीण वेळी टेकायला काही उरत नाही, म्हणून.

मग आम्ही एकच उतारा घेतला. कृष्णवर्णीय अमेरिकन कादंबरीकार टोनी मॉरिसन यांनी 1975 साली अमेरिकेतल्या पोर्टलंड स्टेट विद्यापीठात केलेल्या भाषणातला. त्यांचं म्हणणं असं: वर्णद्वेषाचं खरं काम म्हणजे लक्ष दुसरीकडे वळवणं. तो तुम्हाला तुमचं काम करू देत नाही, तुमच्या असण्याचं कारण पुन्हा पुन्हा सांगायला लावतो. कुणी म्हणतं तुम्हाला भाषा नाही, की भाषा आहे हे सिद्ध करण्यात तुमची वीस वर्षं जातात. कुणी म्हणतं तुमच्याकडे कला नाही, की तुम्ही ती उकरून दाखवता. यातलं काहीही आवश्यक नाही, कारण आणखी एक गोष्ट नेहमीच निघणार असते.

हे बोलल्या तेव्हा मॉरिसन न्यूयॉर्कमधल्या प्रकाशनसंस्थेत संपादक होत्या, दोन मुलांना एकट्याने वाढवत होत्या आणि पहाटे उठून लिहीत होत्या. नोबेल 18 वर्षांनी मिळालं. ज्या बाईला लिहिण्याचा एकेक तास वाचवावा लागत होता, तीच हे सांगत होती.

‘पण हे तिकडचं झालं,’ तो म्हणाला. ‘आपल्याकडे रंग नाही, जात आहे.’

रास्त शंका. दोन्ही एकच आहेत असं मीही म्हणत नाही. पण ही ओळख आपल्या थोरांनी फार आधी जोडून ठेवली आहे. जोतीरावांनी 1873 मध्ये ‘गुलामगिरी’ अर्पण केलं ते अमेरिकेत गुलामगिरी संपवणाऱ्यांना. बाबासाहेबांनी 1946 मध्ये अमेरिकेतले कृष्णवर्णीय विचारवंत डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉइस यांना पत्र लिहिलं, त्यात इथले अस्पृश्य आणि तिथले कृष्णवर्णीय यांच्या स्थितीत इतकं साम्य आहे की तिथला अभ्यास आपल्याला आवश्यकच ठरतो, असं म्हटलं. 1972 मध्ये मुंबईत दलित पँथर उभी राहिली ती अमेरिकेतल्या ब्लॅक पँथर या कृष्णवर्णीयांच्या संघटनेचं नाव घेऊन. पँथरचं नाव निघाल्यावर तो पहिल्यांदा हसला. आजोबांच्या ट्रंकेत त्या काळातली पत्रकं होती.

त्या आठवड्याचा गृहपाठ सोपा होता. वहीत दोन रकाने. डावीकडे स्वतःच्या कामाचे तास, उजवीकडे कुणाला तरी उत्तर देण्यात गेलेले. प्रत्यक्ष दिलेलं उत्तर असो, मनातल्या मनात रंगवलेलं असो, किंवा नुसतं ‘नाव ठेवायला जागा नको’ म्हणून पुन्हा केलेलं काम असो.

पुढच्या भेटीत त्याने वही माझ्यासमोर सरकवली. डावीकडे 6, उजवीकडे 21.

बराच वेळ तो काही बोलला नाही. मग म्हणाला, ‘म्हणजे माझं प्रकरण मी लिहीत नाहीये असं नाही. ते मला लिहू दिलं जात नाहीये. आणि मी त्यांना मदत करतोय.’

या वाक्यापाशी मी त्याला मुद्दाम थांबू दिलं. माझ्या कामाची दिशा इथेच ठरते. अशा मुलांना ‘तुझे विचार बदल’ एवढंच सांगणं मला अपुरं वाटतं. टोमणा खरा आहे, तो त्याच्या डोक्यातून उगवलेला नाही. दुःखाचं मूळ माणसाच्या बाहेर असताना दुरुस्ती फक्त माणसाची करायची, यात अन्यायच पुढे चालतो. पण तास त्याचे आहेत, आणि ते परत घेता येतात. उताऱ्याने त्याला धीर दिला असं मी म्हणणार नाही. उताऱ्याने त्याला मोजायला शिकवलं, धीर त्यातून आला.

कुणाला करून बघायचं असेल तर एका वेळी एकच उतारा घ्या, आठ-दहा ओळींचा. एका ओळीचं कार्ड नको. हाताने उतरवा. वर तीन गोष्टी लिहा: कोण बोललं, कधी, कशाला तोंड देताना. मूळ ठिकाण सापडत नसेल तर ते वाक्य सोडून द्या. खाली या आठवड्यात मी काय करणं थांबवणार, याची एकच ओळ. त्याची ओळ होती, ‘रँक विचारली तर उत्तर देणार नाही, प्रयोगशाळेत जाईन.’ सकाळी काम सुरू करण्याआधी दहा मिनिटं, सात दिवस तोच उतारा. अपमान झालेल्या रात्री मोबाइलवर शोधत बसू नका. तेव्हा वाचलेलं प्रत्येक वाक्य मनातल्या भांडणाला नवा मुद्दा पुरवतं.

फसतं कुठे? काही जण तुलना करतात: त्यांनी गुलामगिरी सोसली, माझं दुःख ते काय! मग दुखतंय हे सांगायचीच लाज वाटते. काहींना कणखर म्हणजे न थकणारा असं वाटतं. त्यांना मी फॅनी लू हेमर यांच्याबद्दल वाचायला सांगते. अमेरिकेतल्या मिसिसिपी राज्यातल्या या कृष्णवर्णीय शेतमजूर बाईने 1962 मध्ये, 44 व्या वर्षी, मतदार म्हणून नाव नोंदवायचा प्रयत्न केला आणि मळ्यावरचं घर गेलं. 1963 मध्ये तुरुंगात अमानुष मारहाण झाली. 1964 मध्ये त्या भर सभेत म्हणाल्या, सोसून सोसून थकण्याचाही आता वीट आलाय. थकवा त्यांनी लपवला नाही आणि काम सोडलं नाही.

तिसरी गफलत जास्त धोक्याची. ‘उत्तर देऊ नको’ याचा अर्थ ‘गप्प बस’ असा घेतला जातो. कृष्णवर्णीय अमेरिकन कवयित्री ऑड्री लॉर्ड यांना 1977 मध्ये स्तनात गाठ निघाली. कर्करोग असू शकतो हे कळल्यापासून शस्त्रक्रियेपर्यंतचे तीन आठवडे त्यांनी आयुष्याचा हिशेब मांडला. गाठ साधी निघाली. त्यानंतरच्या भाषणात त्या म्हणाल्या, तुमचं मौन तुम्हाला वाचवणार नाही. मला हे दोन्ही सल्ले एकाच वेळी खरे वाटतात. लायकी सिद्ध करण्याला शेवट नसतो. तक्रारीला तारीख असते, ती घेणारा अधिकारी असतो, पोच असते.

त्याने दोन्ही केलं. प्रकरण लिहायला घेतलं, आणि एका प्राध्यापकांनी वर्गात केलेल्या शेऱ्याबद्दल कॉलेजच्या समान संधी कक्षाकडे अर्ज दिला. अर्जाला एकच संध्याकाळ द्यायची असं ठरलं होतं. त्यात फक्त तारीख, वेळ, ठिकाण, उच्चारलेले शब्द जसेच्या तसे आणि हजर असलेल्यांची नावं. गुण, रँक, घरची परिस्थिती यातलं काही नाही. पहिल्या मसुद्यात त्याने बारावीची टक्केवारी लिहिली होती. मी काही म्हणायच्या आत त्यानेच ती खोडली.

झोप-भूक दोन आठवड्यांहून जास्त बिघडली असेल, तर वही-उताऱ्यावर थांबू नका, मानसोपचारतज्ज्ञांना भेटा. जगणं नकोसं वाटत असेल तर दोन आठवडे थांबायचं नाही, त्याच दिवशी घरच्यांपैकी किंवा मित्रांपैकी कुणाला तरी सांगा आणि मदत घ्या. टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा 14416 हा क्रमांक मोफत आहे, दिवसरात्र सुरू असतो आणि तिथे मराठीत बोलता येतं.