रिट टाकण्याआधी पोच घ्या

घरच्या भांडणात पोलीस दाद देत नाहीत, मग थेट हायकोर्टात रिट (पोलिसांना आदेश द्यावा म्हणून केलेली याचिका) टाकायची का, या एकाच विचारणेची पत्रं साचली आहेत. त्यातली काही घेतो.

प्रश्न : सासर पुण्याचं. छळ असह्य झाल्यावर नागपुरात सक्करदऱ्याला माहेरी आले. ठाण्यात सांगतात, तक्रार पुण्यालाच करा.

उत्तर : करायची गरज नाही. छळामुळे माहेरी यावं लागलं असेल तर तिथेही गुन्हा नोंदवता येतो, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्येच सांगितलंय.

प्रश्न : बहिणीने तक्रार देऊन चार महिने झाले. गुन्हा नाही, नुसत्या समुपदेशनाच्या तारखा. वर 'आपसात मिटवतो' असं लिहून घेतलं. ओळखीचे एक म्हणतात, हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठात रिट टाका, आठवड्यात काम होतं.

उत्तर : हे ओळखीचे प्रत्येक घरात असतात! खंडपीठात पहिला प्रश्न येईल : मॅजिस्ट्रेटकडे गेला होतात का?

समुपदेशनाला माझा विरोध नाही. दोघांची तयारी असेल तर भरोसा सेलमध्ये, म्हणजे पोलिसांच्या समुपदेशन कक्षात, जरूर बसावं. पण त्याच्या नावाखाली तक्रार कुजवत ठेवणं मला अजिबात पटत नाही. कौटुंबिक वादात गुन्हा नोंदवण्याआधी प्राथमिक चौकशी करता येते, हे सर्वोच्च न्यायालयाच्या ललिता कुमारी निकालाने २०१३ मध्ये मान्य केलं. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या (सीआरपीसी) जागी आलेल्या नव्या नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३(३) मध्ये त्या चौकशीला मुदत आहे १४ दिवसांची, तीही वरिष्ठ अधिकाऱ्याच्या परवानगीने. चार महिने कुठून आले? तोवर मारहाणीचे वळ जातात, शेजारी साक्षीला कचरतात आणि समोरचा वकील विचारतो, इतका उशीर का?

आता काय करायचं? ठाण्याने दाद दिली नाही तर लेखी अर्ज पोलीस उपायुक्तांना, स्पीड पोस्टाने. तरीही हालचाल नसेल तर शपथपत्रासह मॅजिस्ट्रेटकडे, त्याच संहितेच्या कलम १७५(३) खाली. तपासावर लक्ष ठेवण्याचा अधिकारही त्यांना आहे. लोक फाइल घेऊन येतात, त्यात अर्जाची झेरॉक्स असते, पण आवक शिक्का नाही, तारीख नाही. पोच नसेल तर अर्ज दिला हे कसं दाखवणार? आणि संरक्षण हवं असेल तर २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्याखाली आजच अर्ज करा. त्याला एफआयआर लागत नाही. वकील परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा, महिलांना मोफत मिळतो.

प्रश्न : मी नणंद, राहते वेगळी. वहिनीने माझंही नाव टाकलं. अटक होईल? एक जण 'गुन्हा रद्द करून देतो, पूर्ण पॅकेज' म्हणतो.

उत्तर : पॅकेजवाल्याला दारातूनच परत पाठवा. निकालाची हमी कुणी देऊ शकत नाही आणि निकालावर फी ठरवायला वकिलांच्या बार कौन्सिलच्या नियमांत मनाई आहे. अशा गुन्ह्यात सरसकट अटक नको, असा सर्वोच्च न्यायालयाचा अर्नेश कुमार निकाल २०१४ चा आहे. आधी नोटीस येते. आली की हजर राहा. तुमच्याविरुद्ध नुसतंच मोघम लिहिलं असेल तर हायकोर्ट तुमच्यापुरता गुन्हा रद्द करू शकतं, पण एफआयआर वाचल्याशिवाय काही सांगता येणार नाही. प्रत वकिलाला दाखवा.

प्रश्न : मुलगा नवऱ्याकडे आहे. पोलीस आणून देतील?

उत्तर : ताबा कौटुंबिक न्यायालय ठरवतं. मुलाच्या जिवाला धोका वाटत असेल तर मात्र आजच वकील गाठा.

प्रश्न : समेट झाला. ठाण्यात अर्ज देऊन केस मागे घेता येईल?

उत्तर : नाही. दोघांच्या संमतीने हायकोर्टातून रद्द करून घ्यावी लागते. समेटाच्या अटी सही करण्याआधी वकिलाकडून वाचून घ्या.