'परफेक्ट डेज' या चित्रपटातले जपानी अभिनेते कोजी याकुशो यांना यश इतक्या उशिरा का मिळालं? त्यांचे आणखी कोणते चित्रपट पाहावेत?

उशिरा कुठे? 2023 मध्ये फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचं पारितोषिक मिळालं तेव्हा ते 67 वर्षांचे होते, हे खरं. पण जपानमध्ये त्यांना 1983 पासून लोक ओळखतात, आणि तेही टीव्हीमुळे. टोकियोत चियोदा वॉर्डाच्या कचेरीत नोकरीला असताना एक नाटक पाहून ते झपाटले. 1978 मध्ये नामवंत अभिनेते तात्सुया नाकादाईंच्या मुमेइजुकु या नाट्यशाळेत गेले आणि पाच वर्षांनी एनएचके या जपानच्या सार्वजनिक वाहिनीच्या 'तोकुगावा इएयासु' या ऐतिहासिक मालिकेत ओदा नोबुनागा हा सरदार झाले. त्या भूमिकेनं त्यांचं नाव झालं. पुढच्याच वर्षी मियामोतो मुसाशी या प्रसिद्ध तलवारबाजाची मुख्य भूमिका, तीही टीव्हीवरच.

हे मी तावातावानं लिहितेय, कारण राज्य नाट्य स्पर्धेसाठी मी ज्या संस्थेतून कामं करायचे, तिथल्या सरांनी मला सांगितलं होतं, "मालिकेत गेलीस की नटी म्हणून संपलीस." मला धाकट्या जावेची भूमिका मिळाली होती. मी गेले. पुढच्या नाटकाच्या वाचनाचा मला निरोपच आला नाही. माझ्यासाठी ठरलेली भूमिका दुसरीला दिली, हे मला तालमी सुरू झाल्यावर तिसऱ्याच कुणाकडून कळलं. मालिकेत मी जे शिकले ते तालमीत कधीच शिकले नसते. हातात आलेलं पान मेकअप होईपर्यंत पाठ करायचं, सकाळी रडण्याचा शेवट आणि दुपारी त्याची सुरुवात शूट करायची, कॅमेरा जवळ असताना भुवईसुद्धा आवरायची.

मध्यंतरी फिल्म सोसायटीत 'परफेक्ट डेज' दाखवला. शौचालयं साफ करणारा हिरायामा जवळजवळ न बोलता दोन तास पडदा व्यापतो. तेच सर उठून म्हणाले, "याला म्हणतात रंगभूमीवर घडलेला नट!" मी तिथेच नोबुनागा आणि मुसाशी काढले. ते म्हणाले, "तिकडचा टीव्ही वेगळा." तेव्हा वेळ संपली होती, म्हणून उरलेलं इथे. याकुशोंचे गुरू नाकादाई स्वतः 1972 मध्ये एनएचकेच्या अशाच वर्षभराच्या ऐतिहासिक मालिकेत नायक होते. गुरूलाच टीव्हीचा विटाळ नव्हता!

आता एक मान्य करते. त्या मालिकांचा आठवड्याला एकच भाग असतो, आपल्यासारखं रोजचं दळण नसतं. सरांचं तेवढं बरोबर आहे. आणि याकुशोंचा पाया नाट्यशाळेतच पक्का झाला.

चित्रपटांपैकी 'शाल वी डान्स' (1996) आधी पाहा, मग 1997 चे दोन: कियोशी कुरोसावांचा 'क्योर' आणि शोहेई इमामुरांचा 'उनागी'. 'उनागी'ला कानचं सर्वोच्च पारितोषिक मिळालं होतं, म्हणजे तिथेही हा चेहरा नवा नव्हता.

तुम्ही स्वतः नाटकात असाल आणि मालिकेचं बोलावणं आलं असेल, तर जा. शूटिंगच्या तारखा संस्थेला आधी सांगा. तरीही भूमिका काढून घेतली, तर दुसरी संस्था शोधा.